थांबलेला पिंजरा

कॅमेरेवाली आमच्या दोराच्या कारखान्यात आली ती एका सोमवारी सकाळी. साहेबांनी तिला सगळीकडे फिरवलं. माणसांकडे तिनं बघितलंसुद्धा नाही. पिंजऱ्यांसमोर मात्र ती अशी उभी राहिली, जशी एखादी बाई दुसरीच्या तान्ह्या बाळासमोर उभी राहते. माझ्या मनात तिथंच पाल चुकचुकली. यंत्राकडे असं कुणी उगाच बघत नाही. एक तर ते विकत घ्यायचं असतं, नाहीतर बंद पाडायचं असतं.

पिंजरा म्हणजे माणसाहून उंच अशी आडवी बसवलेली गोल लोखंडी चौकट. तिच्यात बारा रिळं. चौकट स्वतःभोवती गरगर फिरते, रिळांवरचे बारा पदर पुढच्या तोंडाशी एकत्र येतात आणि पीळ बसून दोर होऊन बाहेर पडतात. असे चार पिंजरे एका रांगेत आहेत. चौथ्यावर माझी सून काम करते. चारही पिंजऱ्यांच्या बेअरिंगांना ग्रीस देणं आणि ती धड आहेत ना यावर लक्ष ठेवणं हे माझं काम होतं. चौतीस वर्षं तेच केलं.

चारही पिंजरे चालू असले की शेजारच्याच्या कानाशी तोंड नेऊन ओरडलं तरी ऐकू जात नाही. म्हणून आमच्या शेडमध्ये कुणी ओरडतच नाही. आवाज न काढता ओठ हलवायचे, जोडीला हात. नवा माणूस महिनाभर बावचळतो, मग शिकतो. आमचा फिटर शेडच्या त्या टोकाहून या टोकाला चुटके सांगतो आणि मधली दहा माणसं हसतात. शिव्यासुद्धा अशाच दिल्या-घेतल्या जातात, आणि साहेब मधून चालत गेले तरी त्यांना पत्ता लागत नाही.

आता माझी गोष्ट. माझे दोन्ही कान गेलेले आहेत. एकदम गेले नाहीत, भिंतीचा रंग उडत जातो तसे गेले. सात-आठ वर्षांपूर्वी काहीच उरलं नाही. शेडमध्ये ते कुणाच्या लक्षातही आलं नाही, कारण तिथं कुणालाच काही ऐकू येत नाही. बेअरिंग मी कानानं नाही, हातानं तपासायचो. त्याच्या लोखंडी घरावर पंजा ठेवला की कळायचं. चांगलं बेअरिंग झोपलेल्या मांजरासारखं लागतं. बिघडणारं असेल तर दातांत वाळू आल्यासारखं लागतं.

बाहेर मात्र माझी फजिती होती. घरी मुलगा चालता चालता बोलतो, पाठ करून बोलतो, घास तोंडात घेऊन बोलतो. पाहुणे आले की मी अंदाजानं मान हलवायचो. एकदा कुणाच्या तरी मयताची बातमी सांगितली तर मी "छान झालं" म्हणालो. तेव्हापासून लोक माझ्याशी बोलायचेच कमी झाले. खरी गोष्ट ओळखली ती एकट्या सुनेनं. तिनं मला चौपन्नाव्या वर्षी अक्षरं शिकवली, स्वयंपाकाच्या ओट्याशी उभं करून. पहिली चिठ्ठी तिनं लिहिली ती "दूध उतू जातंय" अशी. मी ती वाचून काढेपर्यंत दूध शेगडीवरून खाली जमिनीवर आलं होतं.

तर त्या शेडमध्ये मी धडधाकट माणूस होतो आणि शेडच्या बाहेर एक मान हलवणारा म्हातारा. निवृत्तीला अजून दोन वर्षं होती. तेवढी मला शेडमध्ये काढायची होती, दुसरं काही नको होतं.

आणि नेमकी त्याच महिन्यात फळ्यावर सूचना लागली होती. सगळ्यांच्या कानांची नव्यानं तपासणी होणार, ज्यांना ऐकू येत नाही त्यांना यंत्रावरून काढून दुसरं काम देणार. मागच्या तपासणीत मी पास झालो होतो. नर्सच्या मागं काचेचं कपाट होतं, आणि ती बटण दाबायची तेव्हा तिचा अंगठा मला काचेत दिसायचा. तो हलला की मी हात वर करायचो. डॉक्टर म्हणाले होते, या वयात असे कान फार थोड्यांचे असतात. या खेपेला तपासणी दुसऱ्या खोलीत आहे असं ऐकिवात होतं. म्हणजे फिटरच्या ओठांवर वाचलं होतं.

अशा दिवसांत ही बाई आली, आणि आली ती थेट माझ्यापाशी थांबली.

पहिल्या दिवशी मला समजलंच नाही. मी तीन नंबरच्या बेअरिंगवर हात ठेवून उभा होतो. मान वळवली तर कॅमेऱ्याची काच वीतभर अंतरावर, माझ्या पंजाकडे रोखलेली. मी हात काढला. ती हसली आणि ओरडून काहीतरी बोलू लागली. ओरडताना माणसाचं तोंड वाकडं होतं, ओठ वाचता येत नाहीत. मी मान हलवली आणि निघून गेलो.

जेवायच्या सुट्टीत फिटर म्हणाला, "गती मोजायला आलीये. लिहून ठेवा. पुढच्या महिन्यात सगळ्यांना दीडपट दोर काढावा लागणार."

"गती मोजायला कॅमेरा कशाला? घड्याळ पुरतं," सून म्हणाली.

"मग कारखाना विकायला काढलाय. गिऱ्हाइकाला दाखवायला फोटो नकोत?"

"विकायचा असता तर आधी तुला कोपऱ्यात लपवला असता."

फिटर हसला, पण फार नाही. माझा संशय वेगळा होता. तिला माझ्यावर नजर ठेवायला पाठवलं आहे असं मला वाटत होतं. सुनेला मी चिठ्ठी लिहिली: ही माझ्या कानासाठी आली आहे. तिनं वाचली, फाडली आणि ओठांनीच म्हणाली, "बाबा, सगळं जग तुमच्या कानांभोवती नाही फिरत."

दुसऱ्या दिवशी कॅमेरेवालीनं ओरडणं बंद केलं. आवाज न काढता, ओठ नीट हलवून ती माझ्याशी बोलली. महिनाभरात येणारी गोष्ट तिला एका दिवसात कशी आली? कुणी शिकवून पाठवलं होतं का?

"काका, तुमचं चाललंय ते चालू द्या. मला माणसं नकोत. फक्त यंत्रं," ती म्हणाली.

"यंत्रांचं काय करणार?"

"सिनेमा."

"गोष्ट काय त्यात?"

"गोष्ट नाही. माणूस नाही. आवाजसुद्धा नाही. नुसतं फिरणं, चकाकणं, सावल्या."

आवाज नसलेला सिनेमा, आणि तो आमच्या शेडचा. हे ऐकून तर माझी खात्रीच झाली. काही लपवायचं असलं की माणूस असलंच काहीतरी सांगतो.

पण काम ती मन लावून करायची, हे मान्य करायला हवं. खाली फरशीवर आरसा ठेवून त्यात रिळं टिपायची. दुपारी उन्हाचा पट्टा भिंतीवर आला की रिळांच्या सावल्या भिंतीवरून एकामागून एक पळायच्या. ती सगळं सोडून तिकडे धावायची. ग्रीसच्या एका थेंबासमोर अर्धा तास उकिडवी बसली. थेंब पडला तेव्हा तिनं कपाळावरचा घाम पुसला, जणू तो थेंब तिनंच पाडला होता. गाठी मारणारी बाई मला म्हणाली, "हिच्या घरी नळ गळत नसेल. बिचारीला नवल वाटतं."

चौथ्या दिवशी तिनं प्रत्येक पिंजऱ्यावर पांढरा ठिपका रंगवला आणि समोर एक छोटी विजेची डबी बसवली. सगळ्या शेडचे ओठ एकदम हलू लागले. फेरे मोजतेय, फेरे मोजतेय. फिटरनं माझ्याकडे बघून भुवया उडवल्या, म्हणजे मी सांगितलं नव्हतं का.

मी सरळ जाऊन तिला विचारलं. तिनं वहीत चित्र काढून समजावलं. ठिपका डबीसमोर आला की कॅमेरा आपोआप एक चित्र घेतो. एका फेऱ्याला एकच. पिंजरा प्रत्येक वेळी जिथं होता तिथंच आलेला असतो. मग ती चित्रं ओळीनं पडद्यावर दाखवली की पिंजरा थांबलेला दिसतो, आणि दोर तेवढा पुढं जात राहतो.

"थांबलेल्या पिंजऱ्यातून दोर निघतो?"

"हो. बघाल तुम्ही."

"आणि हे साहेबांना दाखवणार?"

"सगळ्यांनाच दाखवणार. दहाव्या दिवशी, कँटीनमध्ये."

त्याच संध्याकाळी पाण्याच्या टाकीपाशी आणखी एक गोष्ट झाली. पाळी सुटली होती, यंत्रं बंद होती. मी हात धूत होतो. मागं वळलो तर ती उभी, आणि तिच्या चेहऱ्यावरून कळलं की ती बराच वेळ हाका मारत असावी. ती माझ्याकडे बघत राहिली. मग दोन पावलं पुढं येऊन, तोंड नीट माझ्यासमोर धरून, शेडमध्ये बोलायची तसं आवाज न काढता बोलली. म्हणजे तिला कळलं होतं.

"काका, तुमच्या हाताचं चित्र फार सुंदर आलंय."

"तो हात काढा त्यातून," मी म्हणालो. किती मोठ्यानं म्हणालो कुणास ठाऊक, टाकीपाशी पाणी पिणारी दोन माणसं वळून बघू लागली.

"का?"

"यंत्रांचा सिनेमा आहे ना? मग हात काढा."

ती बरं म्हणाली. पण बरं म्हणणाऱ्या माणसांचा मला अनुभव आहे.

दुसऱ्या दिवसापासून मी बेअरिंगला हात लावणं सोडलं. फिटरकडे एक लांब सळई असते. तिचं एक टोक यंत्राला आणि दुसरं कानाला लावून आतला आवाज ऐकतात. ती मी मागून घेतली आणि पिंजऱ्या-पिंजऱ्यापाशी उभा राहून कानाला लावायचो, डोळे बारीक करायचो, समजल्यासारखी मान हलवायचो. कॅमेरेवाली शेडमध्ये असेपर्यंत हे नाटक करायचं, मग हात आहेतच, असा माझा हिशेब. ग्रीस वेळच्या वेळी देत होतो. पाच दिवसांत काय होतंय?

पाचही दिवस मी लोखंडाला पंजा लावला नाही.

दहाव्या दिवशी दुपारी पाळी बदलताना कँटीनच्या खिडक्यांना काळे कागद लावले. पडदा म्हणून टेबलावरची पांढरी चादर. फिल्मचं रीळ तिनं घरीच न्हाणीत धुऊन आणलं होतं, तिच्या बोटांना औषधाचा वास येत होता. पहिल्या पाळीची माणसं आणि साहेब बाकांवर बसले. शेडमध्ये दुसरी पाळी चालू झाली होती. सुनेची त्या आठवड्यात दुसरी पाळी होती, ती चार नंबरवर उभी होती.

दिवे घालवले. अंधार झाला की माझे डोळेही जातात, म्हणजे ओठ दिसत नाहीत. कोण काय बोलतंय, हसतंय, मला काही कळायचं कारण नव्हतं. मी चादरीकडे बघत बसलो. माझा हात येतो का, एवढंच बघत होतो.

हात आला नाही. बाईनं शब्द पाळला होता.

आणि मग मी संशय धरायचंही विसरलो. आधी सावल्या आल्या, भिंतीवरून पळणाऱ्या. मग ग्रीसचा थेंब, घागरीएवढा, त्यात सगळी शेड उलटी. बारा पदर बारा दिशांनी येऊन एका तोंडात शिरत होते, कुणी वेणी घालावी तसे. आवाज नव्हता. बाकीच्यांना ते विचित्र वाटत असणार, शेजारचा फिटर सारखा चुळबुळत होता. मला विचित्र वाटलं नाही. सात-आठ वर्षं मी ही शेड अशीच बघत आलो होतो. फक्त ती इतकी देखणी आहे हे मला कुणी सांगितलं नव्हतं.

मग पिंजरे आले. एक नंबर: थांबलेला. रिळं जागच्या जागी, फोटोत असावी तशी, आणि तोंडातून दोर शांतपणे वाहतोय. दोन नंबर, तसाच. तीन नंबर, तसाच. मग चार नंबर आला, आणि तो थांबलेला नव्हता. तो थरथरत होता. थोडाच, बोटभर. जागच्या जागी कापत होता, आणि मधूनच एका अंगाला झुकून परत येत होता.

पडद्याशेजारी पडणाऱ्या उजेडात मला कॅमेरेवालीचा चेहरा दिसला. ती खुशीत होती. तिला ते आवडलेलं होतं.

प्रत्येक फेऱ्याला पिंजरा जर त्याच जागी येत असेल, तर तो हलता दिसायला नको. दिसतोय, म्हणजे तो त्याच जागी येत नाही. म्हणजे मागचं बेअरिंग सुटत चाललंय. हे चित्र दोन दिवसांपूर्वीचं, आणि पिंजरा आत्ता, या क्षणी, पूर्ण वेगात फिरतोय. तो सुटला तर समोरच्या माणसाला वळायलाही वेळ मिळत नाही. आणि समोर माझी सून होती.

खोटं नाही सांगत, मी एक क्षण गप्प बसलो. उठून सांगितलं तर पहिला प्रश्न हाच येणार होता, तुला कसं ऐकू आलं नाही? सळई कानाला लावून पाच दिवस मान हलवत होतास, तेव्हा काय ऐकत होतास? एक क्षण गेला. त्या क्षणाची मला अजून लाज वाटते.

मी उठलो आणि म्हणालो, "चार नंबर बंद करा."

अंधारात माझी सावली चादरीवर पडली. लोक काहीतरी म्हणत असावेत. मी परत म्हणालो, "चार नंबर बंद करा. बेअरिंग गेलंय." कुणीतरी माझा दंड धरला. कोण, काय म्हणतंय, मला काही दिसत नव्हतं. मी तेवढंच बोलत राहिलो. मग दिवे लागले.

साहेब माझ्यासमोरच उभे होते. दंड त्यांनीच धरला होता.

"मी तीनदा विचारलं," त्यांचे ओठ म्हणाले. "कानाशी येऊन विचारलं. काय झालंय तुम्हाला?"

सगळे माझ्याकडे बघत होते. फिटरचं तोंड अर्धं उघडं होतं.

"मला ऐकू येत नाही, साहेब. बऱ्याच वर्षांपासून," मी म्हणालो. "पण दिसतं."

पुढं काय म्हणाले ते बघायला मी थांबलो नाही. कँटीन ते शेड साठ पावलं. मी या वयात पळालो. परवानगीशिवाय चालू पिंजरा थांबवणं हा आमच्याकडे मोठा गुन्हा, लांबच्या लांब दोराचा पीळ वाया जातो. सून मला येताना बघून ओठांनी "काय" एवढंच म्हणाली. मी तिला बाजूला ढकललं आणि लाल बटणावर मूठ मारली.

पिंजरा मंदावत थांबला. थांबता थांबता शेवटच्या फेऱ्याला तो एका अंगाला कलला आणि तसाच राहिला.

मी मागच्या बेअरिंगच्या घरावर हात ठेवला. पाच दिवसांनी. ठेवल्या ठेवल्या उचलावा लागला, तळव्याला फोड आला.

फिटरनं अर्ध्या तासात घर उघडलं. आतल्या गोळ्या निळ्या पडल्या होत्या, तीन फुटल्या होत्या, आणि कड्याला आरपार चीर गेली होती. त्यानं तुकडा साहेबांच्या हातात ठेवला आणि माझ्याकडे वळला.

"आजची पाळी निघाली नसती," त्याचे ओठ म्हणाले. मग सुनेकडे बघून त्यानं मान खाली घातली.

साहेब रागावले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं. त्यांनी मला केबिनमध्ये बसवलं आणि फार हळू, फार मोठे ओठ करून, लहान मुलाशी बोलावं तसे बोलले. पुढच्या आठवड्यात मी तपासणीला गेलो. खोली खरंच दुसरी होती, पण नर्सच्या मागं याही खोलीत एक काच होती, खिडकीची. अंगठा दिसत होता. मी जमिनीकडे बघत बसलो. हात एकदाही वर केला नाही.

आता मी गोदामात आहे. तयार दोरांची वेटोळी मोजून लावायची. तिथं शांतता असते, म्हणजे असं लोक म्हणतात. तिथली माणसं एकमेकांशी पाठ करून बोलतात. जेवायच्या सुट्टीत मात्र फिटर येतो, माझ्यासमोर वेटोळ्यावर बसतो आणि आवाज न काढता चुटके सांगतो. गोदामवाल्यांना वाटतं, दोघांचंही डोकं फिरलंय. एकदा चुटका अर्धवट सोडून तो म्हणाला, "माझाही उजवा गेलाय. डावा चाललाय. कुणाला बोलू नकोस."

"मी कुणाला ऐकवणार?" मी म्हणालो.

बेअरिंगांचं काम सुनेनं मागून घेतलं. रोज पाळी सुटल्यावर ती माझा पंजा आपल्या पंजावर ठेवायला सांगते, आज चारही पिंजरे कसे लागले ते बोटांनी थरथरवून दाखवते, आणि मी बरोबर की चूक ते सांगतो. बरीच बरोबर असते. दोन नंबरच्या बाबतीत अजून घाई करते.

महिन्याभरानं कॅमेरेवालीचं पत्र आलं. माझ्या नावावर आलेलं पहिलंच. मी ते दारात उभं राहून वाचलं, मग आत बसून परत वाचलं. सिनेमा दोन ठिकाणी दाखवला, असं तिनं लिहिलं होतं. चार नंबरचा पिंजरा कापतो तो तुकडा तिनं ठेवला होता. लोकांना तो सगळ्यात जास्त आवडतो, आणि तो तसा का कापतो हे ती आता दाखवण्याआधीच सांगते. शेवटी एक विचारणा होती. काढलेला हात परत घालू का? त्या तुकड्याच्या लगेच नंतर.

"काय म्हणतेय?" सुनेनं विचारलं.

मी पत्र तिच्यापुढं केलं. तिनं वाचलं आणि माझ्याकडे बघितलं.

"हिला यातून काय मिळणार?" मी म्हणालो.

"बाबा."

"नाही, विचारतोय. एवढं पत्र लिहून, तिकीट लावून, काय मिळणार?"

सून कागद आणि पेन ठेवून कामाला निघून गेली. तळव्यावरच्या फोडाची जागा आता गुळगुळीत झाली आहे, त्या जागेला थोडं कमी कळतं. मग उत्तर लिहिलं. तीन ओळी लिहायच्या मनात होत्या, एकच झाली.

घाला. पण लोकांना दाखवायच्या आधी मला दाखवा.